कागद नसलेल्यांचा खासदार

डेव्हिड क्रॉकेट हा एकोणिसाव्या शतकातला अमेरिकी शिकारी, शिपाई आणि खासदार. त्याच्या आत्मकथनात बटाट्यांचा एक प्रसंग आहे. तो वाचल्यावर मी पुस्तक मिटून ठेवलं आणि पुढे वाचायला बरेच दिवस हात लावला नाही.

३ नोव्हेंबर १८१३. आज अमेरिकेच्या अलाबामा राज्यात मोडणारं टालुशाची हे क्रीक इंडियन, म्हणजे तिथल्या मूळ रहिवाशांपैकी एका जमातीचं गाव. जनरल जॉन कॉफीच्या हाताखालच्या टेनेसीच्या स्वारांनी पहाटे गावाला वेढा घातला. दोनच महिन्यांपूर्वी क्रीकांनी फोर्ट मिम्स नावाच्या गढीत शिरून शेकडो माणसं कापून काढली होती, त्याचा हा बदला. क्रॉकेट या फौजेत साधा शिपाई, वय २७. त्याच्या मोजणीप्रमाणे ४६ योद्धे पळत एका घरात शिरले. दारात बसलेल्या एका बाईने पायाने धनुष्य ताणून बाण सोडला आणि एक अधिकारी मेला. त्यावर सैनिकांनी तिच्या देहाची चाळण केली, घराला आग लावली आणि आतल्या सगळ्यांना जाळलं. दिवसअखेर क्रीकांचे १८०च्या वर लोक मेले होते, टेनेसीवाल्यांचे ५. फौजेकडे शिधा नव्हता. दुसऱ्या दिवशी शिपाई त्याच गावात परत आले, तेव्हा जळलेल्या घराखालच्या तळघरात बटाट्यांचा साठा सापडला. वर जळालेल्या माणसांची चरबी त्या बटाट्यांवर ओघळली होती. मांसात शिजवल्यासारखे ते दिसत होते, असं क्रॉकेट लिहितो. खायची इच्छा नव्हती, पण भूक होती. खाल्ले.

आता दुसरी तारीख, २६ मे १८३०. वॉशिंग्टनच्या प्रतिनिधीगृहात इंडियन लोकांना मिसिसिपी नदीच्या पलीकडे हलवण्याच्या कायद्यावर मतदान झालं. चेरोकी, क्रीक, चॉक्टॉ, चिकसॉ या जमातींच्या पिढ्यानपिढ्यांच्या जमिनी रिकाम्या करून घ्यायच्या आणि त्या कामासाठी ५ लाख डॉलर मंजूर करायचे, असा तो कायदा. आणणारे होते राष्ट्राध्यक्ष अँड्र्यू जॅक्सन. टेनेसीचे लाडके सुपुत्र आणि क्रीक युद्धातले क्रॉकेटचे सेनापती. कायदा १०२ विरुद्ध ९७ मतांनी पार झाला. टेनेसीच्या प्रतिनिधींपैकी विरोधात एकट्याने मत दिलं. बटाटे खाणाऱ्या त्या शिपायाने.

पश्चात्तापाची गोष्ट रचायचा मोह इथे होतो. तरुणपणी पाप केलं, मग डोळे उघडले, मग सभागृहात उभं राहून फेडलं. पण पुस्तक छापलं गेलं १८३४ साली, म्हणजे त्या मतदानानंतर चार वर्षांनी, आणि त्यातल्या बटाट्यांच्या प्रसंगात पश्चात्तापाचा ओझरताही सूर नाही. दुष्काळातली आठवण सांगावी तशा सुरात तो सांगून मोकळा होतो. त्याच पुस्तकात काही पानं पुढे तो कायदा दुष्ट आणि अन्यायाचा होता असंही ठणकावतो, आणि कयामतीच्या दिवशी या मताची मला लाज वाटणार नाही म्हणतो. दोन्ही गोष्टी त्याच्या पोटात शेजारी शेजारी राहिल्या. त्या राहिल्या कशा, याचं उत्तर मला त्याच्या करुणेत सापडत नाही. ते जमिनीत आणि कागदात सापडतं.

क्रॉकेटचा जन्म १७ ऑगस्ट १७८६चा, टेनेसीच्या पूर्व टोकाला नोलीचकी नदीकाठचा. त्याच्या जन्माच्या नऊ वर्षं आधी त्याचे आजी-आजोबा इंडियन हल्ल्यात मारले गेले होते. बाप जॉन हा कष्टाळू पण कर्जात बुडालेला. गिरणी टाकली, ती पुरात गेली. मग नॉक्सव्हिलहून व्हर्जिनियाकडे जाणाऱ्या वाटेवर गाडीवानांसाठी खानावळवजा सराई चालवली. बाराव्या वर्षी बापाने पोराला एका गुरं हाकणाऱ्याबरोबर कामाला लावून दिलं. पायी, चारशे मैलांच्या आसपास. शाळेत घातलं तेव्हा चार दिवसांत मारामारी केली. मास्तर आणि बाप, दोघांच्या छडीच्या भीतीने तो घरातून पळाला आणि दोन-अडीच वर्षांनी उगवला तो इतका वाढून की जेवणाच्या पंगतीत बसला तरी आधी कुणी ओळखलंच नाही. ओळखलं ते बहिणीने.

परतल्यावर बापाने सांगितलं, अमक्याचं ३६ डॉलरचं देणं आहे, ते फिटेपर्यंत त्याच्याकडे राब. पोरगा सहा महिने राबला. मग तो जॉन केनेडी नावाच्या क्वेकर पंथाच्या शेतकऱ्याकडे कामाला गेला, तर तिथेही बापाची ४० डॉलरची चिठ्ठी निघाली. ही फेडण्याची त्याच्यावर कसलीही सक्ती नव्हती. तरी त्याने आणखी सहा महिने घातले, चिठ्ठी सोडवून घेतली आणि एका संध्याकाळी घरी जाऊन बापाच्या हातात ठेवली. बापाला वाटलं, पोराला वसुलीलाच पाठवलं. खालमानेने म्हणाला, माझ्याकडे द्यायला काही नाही. पोराने सांगितलं, ही फिटलेली आहे, तुमच्यासाठी आणली. म्हातारा रडला.

संपूर्ण पुस्तकात मला सगळ्यात खरं वाटलेलं पान हेच. अस्वलांच्या शिकारीची पानं खुमासदार आहेत. वर्षभराच्या आत १०५ अस्वलं मारल्याचा हिशेब तो देतो, तो ज्याने त्याने आपल्या जबाबदारीवर मानावा. पण या चिठ्ठीच्या प्रसंगात बढाई नाही. कुणाच्या तरी खिशात कागदाचा एक कपटा असतो आणि त्यावर आपलं अर्धं वर्ष लिहिलेलं असतं, हे कळायला त्याला लिहिता-वाचता यावं लागलं नाही. अक्षरओळख झाली ती नंतर, याच केनेडीच्या मुलाकडे. आठवड्याचे चार दिवस शिकणं, दोन दिवस त्या बदल्यात काम. एवढंच सहा महिने चाललं. पुढे आयुष्यात शिक्षण म्हणून नाही.

युद्धातून त्याने काय उचललं, याचीही एक गोष्ट आहे आणि ती लढाईची नाही. त्याला टेहळणीवर पाठवलं होतं. क्रीकांची मोठी फौज जमते आहे ही खबर घेऊन तो रात्रभर घोडा दामटत छावणीत आला आणि कॉफीला वर्दी दिली. कुणी लक्ष दिलं नाही. दुसऱ्या दिवशी मेजर गिब्सन तीच खबर घेऊन आला, आणि छावणीत एकच धावपळ उडाली. बंदोबस्त झाला, मोर्चे बांधले गेले. क्रॉकेटला हे आयुष्यभर टोचत राहिलं. मी अंमलदार नव्हतो म्हणून माझी खबर खोटी, असं त्याने लिहून ठेवलं आहे. १८३०च्या फेब्रुवारीत याच गड्याने वेस्ट पॉइंटची लष्करी अकादमी बंद करा असा ठराव मांडला. सरकारी खर्चाने श्रीमंतांची पोरं अंमलदार बनवण्याचा कारखाना कशाला, असा त्याचा सवाल. ठराव अर्थातच बारगळला. त्याची मुळं मला त्या दुर्लक्षित वर्दीत दिसतात.

लढाईवरून परतल्यावर १८१५ साली बायको पॉली वारली. तीन लहान मुलं. त्याच युद्धात नवरा गमावलेली एलिझाबेथ पॅटन शेजारात होती, तिचीही दोन मुलं. दोघांनी लग्न केलं. बाई हिशेबी आणि खंबीर. ही मंडळी १८१७च्या सुमारास पश्चिमेला शोल क्रीकच्या काठी सरकली. चिकसॉ लोकांकडून नुकत्याच घेतलेल्या त्या मुलखात सरकार अजून पोचलं नव्हतं. लोकांनी आपापसांत न्यायाधीश नेमले, त्यात हा. कायद्याचं पुस्तक उघडून पाहिलेलं नाही, वॉरंट तोंडीच काढायचं. 'पकडून आणा त्याला,' झालं वॉरंट. पुढे राज्याने रीतसर अधिकार दिला आणि वॉरंट लेखी पाहिजे असा नियम आला, तेव्हा साहेबांना जेमतेम सही येत होती. त्याने हवालदाराला सांगून ठेवलं की रानात असताना गरज पडली तर माझ्या नावाने तूच लिहून टाक. मग हळूहळू स्वतःचं अक्षर घटवलं. आपल्या एकाही निवाड्यावर अपील झालं नाही, असा त्याचा दावा आहे.

१८२१ साली तो टेनेसीच्या विधिमंडळासाठी उभा राहिला. पहिल्याच सभेत बोलायला उठला आणि घशातून शब्द फुटेना. मग लोकांना म्हणाला, एक माणूस वाटेत रिकामं पिंप बडवत बसला होता. का रे, विचारलं तर म्हणतो, काही दिवसांपूर्वी यात सायडर होती, उरलीय का बघतोय. तसंच मघापर्यंत माझ्या पोटात एक भाषण होतं, पण आता ते बाहेर येईलसं दिसत नाही. हशा पिकला. त्याने दोन-चार किस्से सांगितले, घसा कोरडा पडलाय म्हणाला आणि निम्मी सभा उठवून दारूच्या गुत्त्याकडे घेऊन गेला. मागे प्रतिस्पर्धी उरलेल्या चार टाळक्यांपुढे धोरणं मांडत राहिला. निकाल सांगायला नको. शिकारीच्या चामडी अंगरख्याला दोन मोठे खिसे करून एकात व्हिस्की आणि दुसऱ्यात तंबाखू ठेवायची, हीही त्याचीच युक्ती. मतदाराला घोट पाजला की त्याला तोंडातली तंबाखू थुंकावी लागते, म्हणून निरोप घेताना नवी द्यायची. येताना जसा होता तसाच तो जाताना राहिला पाहिजे. आपल्याकडचे कार्यकर्ते यावर हसतील, पण मनातल्या मनात दादही देतील.

विधिमंडळात बसला असतानाच घरून निरोप आला. शोल क्रीकला पूर येऊन त्याची पिठाची गिरणी, दारूगोळ्याची गिरणी आणि दारूची भट्टी, सगळं वाहून गेलं. घरी गेल्यावर एलिझाबेथ म्हणाली, आहे ते विकून देणी देऊन टाका, मग पुन्हा झटू. बापाची गिरणी, त्याची गिरणी. त्याने सगळं सावकारांच्या हवाली केलं आणि कुटुंब घेऊन आणखी पश्चिमेला, ओबायन नदीच्या फाट्यावर, दाट बांबूच्या रानात बस्तान हलवलं.

हा पश्चिम टेनेसी १८१८च्या तहाने चिकसॉंकडून घेतलेला. (आपल्याकडे पेशवाई बुडाली तेच साल. जगभर कुणा ना कुणाचा मुलूख कुणाच्या तरी दप्तरात चढत होता.) क्रॉकेटसारखी हजारो कुटुंबं तिथे येऊन बसली. झाडं तोडली, ओंडक्यांची घरं बांधली, मका पेरला. कागद कुणाकडेच नाही. अडचण अशी की टेनेसी पूर्वी नॉर्थ कॅरोलायनाचा भाग होता आणि त्या राज्याने स्वातंत्र्ययुद्धातल्या सैनिकांना जमिनीच्या सनदा देऊन ठेवल्या होत्या. त्या सनदा विकल्या गेल्या, पुन्हा विकल्या गेल्या आणि सट्टेबाजांच्या हातात जमल्या. पहिला हक्क त्यांचा. एखाद्याने चार-पाच वर्षं खपून रान मोकळं करावं आणि एके दिवशी नीटस कोटातल्या माणसाने मोजणीदारासह येऊन सनद दाखवावी, हे तिथे रोजचं होतं. सनद ज्या सैनिकाच्या नावाने निघाली, तो आणि ती घेऊन आलेला माणूस यांचा एकमेकांशी काही संबंध उरलेला नसे.

मराठी वाचकाला हे समजावून सांगायची फारशी गरज नाही. वनजमीन कसणाऱ्या आदिवासींनी मार्च २०१८मध्ये नाशिकहून मुंबईपर्यंत पायपीट केली. २००६चा वनहक्क कायदा होऊनही पट्टे हातात आले नव्हते म्हणून. आझाद मैदानावर त्यांच्या पायांचे फोड सगळ्यांनी टीव्हीवर पाहिले. कसणारा एक आणि सातबारा दुसऱ्याच्या नावे, हे दुखणं आपल्या अंगवळणी पडलेलं आहे. फरक आहे तो मोठा आहे आणि तो झाकून चालणार नाही. आपला आदिवासी मूळचा तिथलाच. ओबायनचा शेतकरी मात्र दुसऱ्याला उठवून मोकळ्या केलेल्या जागेवर बसला होता.

१८२५ची निवडणूक हरून १८२७ला क्रॉकेट खासदार झाला. या निवडणुकीतली गिनी कोंबड्यांची गोष्ट सांगितल्याशिवाय मला पुढे जाववत नाही. प्रतिस्पर्धी जनरल आर्नल्ड क्रॉकेटचं नावही न घेता भाषण करत होता. जवळच चरणाऱ्या गिनी कोंबड्यांनी कलकलाट सुरू केला, तेव्हा वैतागून त्याने भाषण थांबवलं आणि त्यांना हाकलायला लावलं. क्रॉकेट सगळ्यांसमोर म्हणाला, जनरलसाहेब, तुम्ही तर माझं नाव घेतलं नाहीत. ही माझी चिमुकली दोस्तमंडळी 'क्रॉकेट, क्रॉकेट' म्हणत आली, तर तीही तुम्हाला सहन झाली नाहीत.

वॉशिंग्टनला त्याने एकच विषय धरला, जमीन. टेनेसीतली ही पडीक सरकारी जमीन राज्याकडे सोपवावी, राज्याने ती विकून शिक्षणासाठी पैसा उभा करावा, असं विधेयक टेनेसीच्या प्रतिनिधींनी पुढे केलं होतं. नेतृत्व जेम्स पोक यांचं, तेच पुढे राष्ट्राध्यक्ष झाले. क्रॉकेट सुरुवातीला त्यांच्याबरोबर होता. मग त्याच्या ध्यानात आलं की राज्य विकणार म्हणजे जास्त बोली लावेल त्याला विकणार, आणि शिक्षण म्हणजे महाविद्यालयं, जिथे ओबायनच्या पोरांचं पाऊलही पडणार नाही. त्याने दुरुस्ती मांडली की जो राहतो, ज्याने रान मोकळं केलं, त्याला १६० एकरांपर्यंत जमीन थेट द्या. पोक आणि सगळी मंडळी बिथरली. जॅक्सनची माणसं म्हणून निवडून आलेले सगळे एका बाजूला आणि हा दुसऱ्या. विधेयक बाजूला पडलं. पुन्हा मांडलं, पुन्हा पडलं.

इथे मी त्याची बाजू पूर्णपणे घेऊ शकत नाही. जमीन राज्याकडे जाऊ द्यायची आणि कसणाऱ्यांना पहिल्या खरेदीचा हक्क पदरात पाडून घ्यायचा, अशी काही मधली वाट त्याने आधीच चोखाळली असती तर कदाचित काही हाती लागलं असतं. पण सभागृहात माणसं जोडावी लागतात, एखाद्याच्या रस्त्याला मत देऊन आपल्या जमिनीला मत मिळवावं लागतं. हे त्याला जमलं नाही, आणि जमत नाही याचाच त्याला अभिमान होता. तीन वेळा खासदार झाला आणि त्याचं एकही विधेयक पार झालं नाही.

त्याच काळात इंडियनांच्या हकालपट्टीचा कायदा आला. सहकाऱ्यांनी बजावलं की विरोध केलास तर संपलास. तरी त्याने मत दिलं. चेरोकींचे प्रमुख जॉन रॉस यांनी पुढच्या जानेवारीत आभाराचं पत्र पाठवलं. मला वाटतं, त्याच्या दृष्टीने चेरोकी आणि ओबायनचा शेतकरी हे एकाच खटल्यातले दोन वादी होते. राहणारा, पेरणारा माणूस आणि त्याला उठवायला आलेला कागद. चेरोकींकडे तर उलट तहाचे कागद होते, आणि तेच सरकार आता ते फाडत होतं. चिकसॉंच्या जमिनीवर आपण स्वतः बसलो आहोत ही गोष्ट या हिशेबात त्याने कधी धरलीच नाही. तहाने घेतलं म्हणजे रीतसर घेतलं, एवढ्यावर त्याचं समाधान होतं. माझं होत नाही.

१८३१ला तो ५८६ मतांनी पडला. विरोधकांनी त्याच्या नावाने सभा जाहीर करायच्या, त्याला कळू द्यायचं नाही, लोक जमायचे, हा गैरहजर, आणि व्यासपीठावर त्यांचा माणूस तयार. तोपर्यंत त्याचं नाव मात्र देशभर झालं होतं. त्याच्यावर बेतलेलं पात्र न्यूयॉर्कच्या रंगभूमीवर रानमांजराच्या कातड्याची टोपी घालून धुमाकूळ घालत होतं. १८३३ला तो पुन्हा निवडून आला आणि त्याच वर्षाअखेर वॉशिंग्टनमध्ये ते नाटक बघायला गेला. असं सांगतात की नटाने रंगमंचावरून त्याला वाकून नमस्कार केला, यानेही उठून वाकून उत्तर दिलं, आणि नाट्यगृह टाळ्यांनी दणाणलं.

जॅक्सनच्या विरोधातल्या व्हिग पक्षाला हा गडी आयताच सापडला. १८३४च्या वसंतात, अधिवेशन चालू असताना, त्यांनी त्याला फिलाडेल्फिया, न्यूयॉर्क, बॉस्टनला फिरवलं. मेजवान्या झाल्या, सुंदर रायफल भेट मिळाली. जमिनीचं विधेयक तसंच पडून. ज्यांनी त्याला डोक्यावर घेतलं त्यांना ओबायन कुठे आहे हे नकाशावर दाखवता आलं नसतं. हे त्याला कळत नव्हतं असं मला वाटत नाही. पण दोन पुरांत आणि कर्जांत गेलेल्या माणसाला टाळ्या नकोशा वाटाव्यात, ही अपेक्षा जरा जास्तच आहे.

१८३५ला ॲडम हंट्समन या लाकडी पायाच्या वकिलाने त्याला थोडक्या मतांनी हरवलं. तुम्ही सगळे जा नरकात, मी चाललो टेक्सासला, असं तो मतदारांना म्हणाला हे अमेरिकेत शाळकरी मुलांनाही ठाऊक असतं. टेक्सास तेव्हा मेक्सिकोत होता आणि तिथे बंड पेटलं होतं. जानेवारी १८३६मध्ये त्याने नॅकोडोचेस गावी सैन्यात नाव घातलं. शपथेत होतं की यापुढे जे काही सरकार स्थापन होईल त्याच्याशी मी एकनिष्ठ राहीन. त्याने कागद अडवला. जे सरकार प्रजासत्ताक असेल त्याच्याशीच, असं लिहा, मग सही करतो. तसं लिहिलं, मग त्याने सही केली. ज्याला कधीकाळी वॉरंट खरडता येत नव्हतं, तो आता कागद नीट वाचून, दुरुस्त करून सही करत होता.

टेक्सासमधून मुलीला धाडलेल्या शेवटच्या पत्रात लढाईबद्दल फार थोडं आहे. जमीन किती आहे, लाकूड किती आहे, झरे किती गोड, गिरणीला ओढे किती चांगले, रानरेडे वर्षातून दोनदा कुठल्या खिंडीतून जातात, मध किती, हे सगळं आहे. येणाऱ्या प्रत्येक माणसाच्या नावे चार हजार एकरांहून जास्त जमीन लागते, हे त्याने आवर्जून कळवलं आहे. राज्यघटना लिहिणाऱ्या सभेवर आपण निवडून येऊ, याची त्याला जवळपास खात्री होती. वयाच्या एकोणपन्नासाव्या वर्षी माणूस पुन्हा गिरणी घालायच्या आणि पुन्हा आमदार व्हायच्या गोष्टी करत होता.

६ मार्च १८३६ला टेक्सासमधल्या अलामोच्या गढीत मेक्सिकोच्या फौजेकडून तो मारला गेला. शेवटपर्यंत लढत पडला की पकडून मारला, यावर अमेरिकेत इतकी शाई सांडली आहे की ती वाद घालणाऱ्यांनाच लखलाभ असो. जमिनीच्या विधेयकाला अशा पुस्तकांत बहुतेक वेळा दोन परिच्छेद मिळतात. ते विधेयक थोड्या वेगळ्या रूपात पार झालं १८४१च्या फेब्रुवारीत, आणि ते पार करून घेतलं त्याचा मुलगा जॉन वेस्ली क्रॉकेट याने. बापाच्याच भागातून तो १८३७ला खासदार झाला होता. सभागृहातली माणसं जोडणं त्याला बापापेक्षा बरं जमत असावं.

एलिझाबेथ १८५४ साली टेक्सासला गेली. मृत सैनिकांच्या वारसांना त्या राज्याने जमीन देऊ केली होती, तिच्यावर हक्क सांगायला. तेव्हा ती साठी उलटलेली होती. तिथेच ओंडक्यांचं घर बांधून राहिली आणि १८६०ला वारली.